वॅगन-आरच्या हेडलाइटसाठी ऑसराम नाइट ब्रेकर
मारुतीच्या वॅगन-आरला एच-४ प्रकारचा, १२ व्होल्ट आणि ६०/५५ वॅटचा (हाय बीमला ६०, लो बीमला ५५) हॅलोजन बल्ब लागतो. ऑसराम कंपनीचा नाइट ब्रेकर हा बल्ब याच वॅटेजमध्ये मिळत असल्याने मूळ वायरिंगवर जादा भार न पडता रस्ता अधिक दूरवर दिसतो, ही त्याची सर्वांत मोठी जमेची बाजू होय. ताम्हिणी घाटात भर पावसातही रस्त्याकडेची पांढरी पट्टी त्याच्या उजेडात ठळक दिसली. दुकानात अनेकदा १००/९० वॅटचा बल्ब पुढे केला जातो. तो घेऊ नये, कारण त्याने कनेक्टर तापून वितळू शकतो आणि समोरून येणाऱ्याचे डोळे दिपतात.

बसवताना दिवा थंड होऊ द्यावा, कनेक्टर व रबरी टोपी काढून तारेची क्लिप सोडवावी आणि नव्या बल्बच्या तिन्ही पाकळ्या खाचांत नीट बसल्याची खात्री करावी. काचेला बोट मुळीच लावू नये. त्वचेचा तेलकटपणा राहिलेल्या जागी काच जास्त तापते आणि बल्ब लवकर जातो. जादा उजेडामुळे याचे आयुष्य साध्या बल्बपेक्षा कमी असते, हे रोज रात्री गाडी चालवणाऱ्यांनी खरेदीपूर्वीच लक्षात घ्यावे.