'तीन आठवडे आमच्याकडे ठेवा' म्हणणाऱ्या ट्रेनरचा अनुभव

लॅब्रॅडॉर किंवा गोल्डन रिट्रीव्हर पाळणाऱ्यांनी कृपया हे वाचा.

आमचा बंड्या तेव्हा सात महिन्यांचा. मोजे, चपला, दिसेल ते तोंडात धरून पळायचा, फिरताना पट्टा ओढायचा, आल्यागेल्याच्या अंगावर उड्या मारायचा. एकदा त्याच्या उडीनं आई जिन्यात पडली, तेव्हा मात्र आम्ही घाबरलो. कोथरूडमधल्याच ओळखीतून एक ट्रेनर मिळाला. मुळशीकडच्या फार्मवर तीन आठवडे, 22,000 रुपये, सगळे आधी. पावती 'नंतर व्हॉट्सॲपवर पाठवतो'. भेटायला यायचं नाही, 'तुम्हाला बघून तो बिघडेल'. तिथंच मी नाही म्हणायला हवं होतं.

रोज एक व्हिडिओ यायचा. प्रत्येकात तीच निळी बादली, तशीच आडवी पडलेली. एकाच दिवशी काढलेले व्हिडिओ तीन आठवडे पुरवले होते, हे फार उशिरा लक्षात आलं.

बंड्या परतला तो अगदी गुणी होऊन. दुसऱ्या दिवशी अंघोळ घालताना त्याच्या गळ्याखाली माझ्या बोटांना दोन खपल्या लागल्या, शेजारी शेजारी, मसुराएवढ्या. डॉक्टरांनी बघताक्षणी सांगितलं, शॉक कॉलरच्या, म्हणजे विजेचा झटका देणाऱ्या गळपट्ट्याच्या, टोकांच्या जखमा आहेत. चेंडू टाकला तरी तो उचलेना. शिकाऱ्यानं पाडलेला पक्षी अलगद तोंडात धरून आणावा, यासाठीच लॅब्रॅडॉर आणि गोल्डन रिट्रीव्हर या जाती पिढ्यान् पिढ्या घडवल्या आहेत. बंड्याचं ते तोंडात धरणंच या माणसानं मारून टाकलं होतं.

फोन केला तर म्हणाला, "सवयी गेल्या ना? मग पैसे कसले परत?" नंतर नंबरच ब्लॉक. प्राण्यांना असं छळणं 1960 च्या कायद्यानं गुन्हा आहे, पण आमच्याकडे ना पावती, ना जखमांचे फोटो. मलम लावायच्या आधी फोटो काढा आणि डॉक्टरांकडून लेखी घ्या.

डॉक्टरांनी सांगितलेले उपाय घरीच जमणारे होते. पट्टा ताणला की जागीच थांबायचं, सैल झाला की चालायचं. उडी मारली की पाठ फिरवायची, चारही पाय जमिनीवर टेकले की खाऊ. वस्तू पळवली तर मागे धावायचं नाही, त्याला तो खेळ वाटतो. पनीरचा तुकडा दाखवून 'सोड' म्हणायचं.

परवा बंड्या बाबांची चप्पल तोंडात धरून दारापर्यंत आला. आम्हाला बघितलं आणि लगेच खाली ठेवून अंग चोरून बसला. आई त्याच्याजवळ बसली आणि म्हणाली, "घे रे बाळा, घे."