पेजमेकरचं यंत्र बसलं: क्रॅक, व्हर्च्युअल मशीन की स्क्रायबस?

इंदुरात रामबागेजवळ आमचं लग्नपत्रिकांचं छोटं दुकान. पेजमेकर ७ (पत्रिकेची पानं मांडायचा अ‍ॅडोबीचा जुना प्रोग्राम) ज्यावर चालायचं ते विंडोज ७ चं जुनं यंत्र अखेर बसलं. तुमचंही बसायला आलं असेल, तर हे वाचून मगच ठरवा.

पेजमेकरच्या जागी आलेलं अ‍ॅडोबीचं इनडिझाइन आता भाड्यानेच मिळतं. परवडत असेल तर खुशाल घ्या. परवडत नाही म्हटलं की पीसी जोडून देणारा क्रॅकचा पेनड्राइव्ह पुढे करतो. प्रोग्राम सुरू होताना परवाना तपासतो. क्रॅक त्या तपासणीचे बाइट असे बदलतो की उत्तर कायम ‘हो’ यावं. बाइट कंपनीचा पॅचही (दुरुस्तीची फाइल) बदलतो, पण त्यावर कंपनीची डिजिटल सही, म्हणजे फाइल मूळचीच असल्याची खूण, असते. क्रॅकने ती सही मोडते. म्हणून आधी अँटिव्हायरस बंद करायला लावतात, आणि अपडेटही, नाहीतर बदललेली फाइल अपडेटमध्ये पुसली जाते. मी हे केलं होतं. ऐन लग्नसराईत एका सकाळी सगळ्या फाइलींची नावं बदललेली आणि समोर खंडणीची चिठ्ठी. गिऱ्हाइकांना फोन करून मजकूर परत मागवताना जीव अर्धा झाला. मे २०१७ मध्ये असाच खंडणी मागणारा वॉनाक्राय व्हायरस पसरला, तेव्हा मायक्रोसॉफ्टचा पॅच मार्चमध्येच आलेला होता. अपडेट बंद ठेवणं इतकं महाग पडतं.

लिनक्सवर वाइन (विंडोजचे प्रोग्राम लिनक्सवर चालवणारं) वापरून पाहिलं, पण फॉन्टच्या डाँगलपाशी (फॉन्टच्या परवान्याची यूएसबी किल्ली) गाडी अडली. मग व्हर्च्युअलबॉक्समध्ये, म्हणजे संगणकाच्या आतच दुसरा संगणक (व्हर्च्युअल मशीन) चालवणाऱ्या प्रोग्राममध्ये, आमच्याच परवान्याचं विंडोज ७ बसवलं, डाँगल यूएसबीतून आत दिलं आणि आतलं नेट तोडलं. त्याचे नेहमीचे पॅच जानेवारी २०२० मध्येच थांबलेत, त्यामुळे नेट नकोच. जुन्या फाइली मात्र जशाच्या तशा उघडतात.

नव्या कामाला स्क्रायबस, तेही पानं मांडायचंच. फुकट आहे, विंडोज आणि लिनक्स दोन्हीवर चालतं, छपाईसाठी सीएमवायके (छपाईच्या चार शाईंची) पीडीएफ देतं. व्हॉट्सअ‍ॅपवर आलेला मजकूर पेजमेकरमध्ये चिकटवला की प्रश्नचिन्हांची रांग लागायची, कारण त्याला युनिकोड (फोन-संगणकांवर सगळीकडे चालणारी अक्षरांची प्रमाण पद्धत) कळत नाही. इथे ‘कऱ्हाडे’मधला ऱ्ह पहिल्याच फटक्यात नीट उमटला. हात बसायला महिना गेला, तेवढा धरून चाला.

जुनी गिऱ्हाइकं फार नसतील तर थेट स्क्रायबस घ्या. आमच्याकडे थोरलीची पत्रिका केलेलं घर धाकटीसाठी पुन्हा येतं, म्हणून मी दोन्ही ठेवलंय. जुना मजकूर कन्व्हर्टरने युनिकोडात आणतो. त्यात रफार आणि वेलांट्या चुकतात; नावं दोनदा वाचल्याशिवाय छपाईला देत नाही.