राइस पुलरवाल्यांनी माझे 6 लाख 21 हजार खाल्ले

आरपी म्हणा, राइस पुलर म्हणा, कॉपर इरिडियम म्हणा, हा धंदा काय आहे ते निम्म्या महाराष्ट्राला माहीत आहे: तांदूळ ओढणारं 'चमत्कारी' तांब्याचं भांडं कोटींत विकलं जाईल असं सांगायचं आणि खर्चाच्या नावाखाली आधी पैसे उकळायचे. तेव्हा सगळं रामायण सांगत बसत नाही. आकडे तेवढे सांगतो. टोकन 21,000. टेस्टिंगचे सूट आणि सायंटिस्टची फी 1,85,000. दिल्लीची एनओसी 3,40,000. मालाचा विमा 75,000. विमा भरला आणि दुसऱ्या दिवशी सगळ्यांचे फोन बंद.

"हाव नडली" म्हणणाऱ्यांनी आधी ऐकून घ्या. मी कुठल्या रस्त्यावरच्या बाबाला पैसे दिलेले नाहीत. मध्ये चुलत मेहुणा होता. "दाजी, पार्टी जेन्युइन आहे, माझी गॅरंटी," असं तो म्हणत होता. 500 च्या स्टॅम्प पेपरवर करार होता, आयकार्डावर अशोकस्तंभ होता. बायकोचे दागिने पतसंस्थेत ठेवले ते पोरींच्या शिक्षणासाठी, मला काही बंगला बांधायचा नव्हता.

आणि ही माणसं बोलतात कशी! त्यांच्या दुनियेत जुन्या तांब्याच्या भांड्यावर वीज पडली की त्याचं इरिडियम होतं. मग ते तांदूळ ओढतं, बॅटरीचा उजेड मंद करतं, घड्याळ बंद पाडतं. किती इंचांवरून दाणे ओढले त्यावर भाव ठरतो. नासा त्यावर उपग्रह चालवते, म्हणून सौदा कोटींत. तुम्ही काहीही विचारा, थाप तयार असते. सरकार उघड का घेत नाही? देशाची गोपनीयता. पैसे आधी का? माल किरणोत्सर्गी आहे, सूटशिवाय पेटी उघडता येत नाही. जे भांडं डेमोला उघड्या हातांनी फिरवलं, त्याच भांड्याला टेस्टिंगच्या वेळी सूट!

इरिडियम हा धातू खरा आहे, तिथेच माणूस फसतो. 1803 मध्ये स्मिथसन टेनंट यांनी प्लॅटिनमच्या गाळातून तो शोधला, महागड्या स्पार्क प्लगच्या टोकाला तो असतो. पण तांब्याचा अणुक्रमांक 29 आणि इरिडियमचा 77. आभाळातल्या विजेने ही उडी मारली जात नाही. इरिडियमला साधं लोहचुंबकत्वही नाही, तांदूळ कुठून ओढणार? हे भाच्याने मला पैसे गेल्यावर समजावलं. शिवाय इरिडियम तांब्याच्या अडीचपट जड. ते भांडं मी हातात घेतलं होतं, आमच्या घरातल्या तांब्याहून गुंजभरही जड वाटलं नाही. कुणी असा माल दाखवला तर आधी वजन काट्यावर घाला.

डेमो रात्री आमच्याच घरी झाला. फरशीवर वर्तमानपत्र, त्यावर त्यांच्या झिपच्या पिशवीतले मूठभर तांदूळ. भांडं जवळ आणलं तसे दाणे थरथरले, एकेक करून टोकावर उभे राहिले आणि टिकटिक करत बुडाला चिकटले. बायको दारात उभी होती. म्हणाली, "आपल्या डब्यातला कोलम घेऊन बघा की." भांडं फिरवणाऱ्या त्यांच्या सायंटिस्टचा, त्या 'डॉक्टर'चा, हात थांबला. मी पाहिला. मग हसून म्हणतो, "वहिनी, घरच्या तांदळाला ओल असते, रीडिंग चुकतं. हा कॅलिब्रेटेड तांदूळ आहे."

कॅलिब्रेटेड तांदूळ! त्या शब्दाला कॉलर धरून त्याला बाहेर काढायला हवं होतं. पण मेहुणा मान डोलावत होता, माणूस इंग्रजीत बोलत होता, आणि शास्त्रज्ञासमोर आपण डबा कसा आणायचा? मी तिला म्हटलं, चहा टाक. दोन-दोन कप ढोसले त्यांनी. पुढे झाडताना सोफ्याखाली त्यातला एक दाणा सापडला, तो फ्रिजवरच्या गणपतीच्या मॅग्नेटला जाऊन चिकटला. चिरला तर आत केसासारखी लोखंडी तार. भांड्याच्या बुडात काय होतं ते सांगायला सायंटिस्ट नको. तांदूळ तुमच्या घरचाच वापरायला लावा, नाही म्हणाले तर दार दाखवा.

आता पोलीस. डेमो आमच्या घरी, रोकड दिली हायवेच्या लॉजवर, बाकीचे पैसे पाठवले ते खातं परराज्यातलं. आमच्या ठाण्यात म्हणे "हद्द लॉजची", तिकडे गेलो तर "तुमच्या ठाण्यात जा". सायबरवाले म्हणाले रोख रकमेशी आमचा संबंध नाही. बँकेने सांगितलं, पैसे तुम्हीच पाठवलेत. एका साहेबांनी तर चारचौघांत विचारलं, "कोटी मिळाले असते तर आम्हाला पेढे द्यायला आला असता का?" वर दम, की जास्त बोललात तर तुम्हीही आरोपी. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173 मध्ये हद्द कुठलीही असो, माहिती नोंदवून घ्यायची, असं लिहिलेलं आहे. मी छापील कागद पुढे केला. साहेबांनी त्यावर चहाचा कप ठेवला. 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्यात चमत्कार दाखवून पैसे उकळणं हा गुन्हा आहे म्हटलं, तर "यात देव कुठे आहे?" 2018 मध्ये दिल्ली पोलिसांनी असंच नासाचं नाव सांगून एका व्यापाऱ्याचे 1 कोटी 43 लाख लुटणाऱ्या बापलेकांना पकडलं होतं. तिथे पकडतात, आमच्याकडे नुसता अर्ज घेतात. अर्जावर शिक्का आणि तारीख मागा, नाहीतर तो रद्दीत जातो. गुन्हा नोंदवत नसतील तर तक्रार पोलीस अधीक्षकांना पोस्टाने पाठवा, मी रजिस्टर एडीने पाठवली आहे. ऑनलाइन पैसे गेले असतील तर घरच्यांपासून लपवण्यात वेळ घालवू नका, त्याच तासाला सायबर हेल्पलाइनचा 1930 लावा. मी लपवत बसलो, कारण बायकोला काय तोंड दाखवायचं!

मेहुणा म्हणतो त्याचेही 40,000 गेले. पावती मागितली तर लग्नकार्यात बोलायचा बंद झाला.

परवा एका 'वकिला'चा फोन आला. तुमची केस माहीत आहे, पैसे सोडवून देतो, 25,000 ॲडव्हान्स. माझं नाव, रक्कम, लॉज, सगळं त्याला तोंडपाठ. हे त्याला एक तर त्या टोळीने सांगितलं किंवा माझा अर्ज वाचलेल्या कुणीतरी. नंबर घेऊन ठाण्यात गेलो. हवालदार म्हणाले, नवीन अर्ज करा, सोबत जुन्याच्या दोन झेरॉक्स जोडा.