लेव्हल टू अडास असलेली गाडी: सहा महिन्यांचा अनुभव

एसटीत २९ वर्षं स्टेअरिंग धरलं, त्यातली बरीच वर्षं महाड डेपोत. निवृत्त झाल्यावर मुलाने अडास, म्हणजे चालकाला मदत करणारी यंत्रणा असलेली गाडी घेतली आणि गेले सहा महिने ती जास्त मीच चालवतोय. लेव्हल टू म्हणजे वेग आणि स्टेअरिंग दोन्हीत गाडी मदत करते, पण चालवायचं आपणच.

मुंबई-पुणे एक्सप्रेसवेवर अडॅप्टिव्ह क्रूझ ८० वर लावलं की पुढच्या वाहनाशी अंतर गाडी स्वतः राखते. माझ्या गुडघ्याला मोठा आराम. खालापूरजवळ पुढच्या टेम्पोने अचानक ब्रेक मारला, तेव्हा माझा पाय पोचायच्या आत हिचा ब्रेक लागला होता. मागे सूनबाई आणि नात बसलेल्या. ते उपकार मी विसरणार नाही.

तक्रार आहे ती लेन असिस्टची. काचेवरचा कॅमेरा रस्त्यावरचे पट्टे बघतो; इंडिकेटर न देता पट्ट्यावर गेलात की स्टेअरिंग आपोआप आत वळतं. गोवा हायवेवर माणगावच्या अलीकडे डाव्या कडेने एक म्हातारबाबा सायकलवरून चालले होते. कॅरिअरला गवताचा भारा, तो डुलत होता. त्यांना जागा द्यायला मी सवयीने उजवीकडे सरकलो, आणि स्टेअरिंगने मला डावीकडे, बाबांच्या अंगावर ओढलं. ती ओढ फार जोराची नसते, हाताने मोडता येते. मी मोडली. पण तेवढ्या वेळात तळव्यांना घाम फुटला. घाटातल्या रात्रपाळीतही असा फुटला नव्हता.

शोरूमवाले म्हणाले, "काका, इंडिकेटर देत जा." बरोबर आहे, आता देतो. पण गुरं, खड्डा, मध्येच धावत आलेलं पोर चुकवताना तेवढी सवड कुठली? पुस्तिकेत स्वच्छ लिहिलंय की हात स्टेअरिंगवर हवेत आणि जबाबदारी चालकाची. जबाबदारी माझी, तर निर्णयही माझाच चालला पाहिजे. बटण दाबून मी लेन असिस्ट बंद करतो. गाडी पुन्हा चालू केली की तेही चालू. रोज मी नको म्हणायचं, रोज तिने विसरायचं. हे मला मान्य नाही.

मुलगा हल्ली आरशात कमी बघतो, बीप वाजली की सावध होतो. त्याची मला खरी काळजी वाटते.

ब्रेकसाठी गाडी जरूर घ्या. मात्र टेस्ट ड्राइव्हला लेन असिस्ट बंद करा, इंजिन बंद करून पुन्हा चालू करा आणि तुम्ही बंद केलेलं बंदच राहिलंय का ते बघूनच पैसे भरा.