दार नसलेल्या खोलीचा वॉलपेपर

पळस, बहावा, कण्हेर अशी आपल्याकडची फुलं रंगवायची, स्कॅन करून त्यांचं डिझाइन बसवायचं आणि ऑर्डर आली की गिऱ्हाइकाच्या भिंतीच्या मापानं छापून घ्यायचं, हा माझा घरबसल्या धंदा. माल भरून ठेवायची भानगड नाही म्हणून मी यात पडले. मापानं छापलेला कागद दुसऱ्या कुणाच्या भिंतीला बसत नाही, हे तेव्हा फारसं मनावर घेतलं नव्हतं. ते शिकायला मला ६८,९२० रुपये लागले.

फेब्रुवारी २०२४. फोनवर माणूस सफाईदार हिंदीत बोलत होता. वर्धा रोडवर नवीन हॉटेल होतंय, मी त्यांचा इंटिरियर कॉन्ट्रॅक्टर, हॉलच्या चारही भिंतींना तुमचा पळस हवाय. माप, प्रत्येक भिंत १६ बाय १०. एकूण ६४० चौरस फूट. मी ११० रुपये फूट सांगितले, तो लगेच ‘ठीक है मॅडम’ म्हणाला.

इथेच थांबायला हवं होतं. नागपुरात ११० म्हटलं की समोरचा आधी हसतो, मग सत्तरवरून सुरुवात करतो. नमुना मागतो, तो आठवडाभर भिंतीला चिकटवून बघतो, गुलाबी जरा फिका करा म्हणतो. आणि ‘उन्हाळ्यात कूलर लावल्यावर कडा सुटणार नाहीत ना ताई?’ हे तर प्रत्येक जण विचारतोच. या गृहस्थानं यातलं एकही विचारलं नाही. चारही भिंती एकसारख्या, कुठे खिडकी नाही, दार नाही. त्या हॉलमध्ये माणसं शिरणार कुठून, हा प्रश्न मला पडला नाही. मी ११० गुणिले ६४० करत बसले होते.

शुक्रवारी, ९ तारखेला, माझ्या खात्यात चेक भरल्याची स्लिप व्हॉट्सअॅपवर आली. ७०,४०० ऐवजी १,१५,०००. पाठोपाठ फोन: अकाउंटंटनं चुकून फिटरचे पैसेही तुमच्याच चेकमध्ये टाकले. फिटर रायपूरहून निघतोय, त्याला ४४,६०० तेवढे यूपीआय करून टाका.

मी अगदीच भोळी नाही. आधी खातं बघितलं. अॅपवर दोन आकडे होते. वर ठळक अक्षरात एकूण शिल्लक, त्यात एक लाख पंधरा हजार मिळवलेले. खाली बारीक अक्षरात उपलब्ध शिल्लक, ती जशीच्या तशी. मी वरचा आकडा वाचला. बँकेच्या मेसेजमध्येही चेक वटल्यानंतरच रक्कम मिळेल असं लिहिलं होतं. दुसऱ्या दिवशी दुसरा शनिवार, मग रविवार. सोमवारपर्यंत चेकचं काही कळणार नव्हतं, आणि शुक्रवार त्यानं बहुधा त्यासाठीच निवडला होता. शनिवारी सकाळपासून त्याचे सहा फोन आले. शेवटी मी पैसे पाठवले. यूपीआयवर दिसलेलं नाव त्यानं सांगितलेल्या फिटरचं नव्हतं. ‘भाच्याचं खातं आहे,’ म्हणाला.

त्याच दुपारी छापखान्यात ३८ रुपये फुटानं २४,३२० भरले. मालकांनी विचारलंही, ‘ताई, एवढं मोठं काम, नमुना पास करून घेतला ना?’ मी हो म्हटलं. खोटं बोलले.

सोमवारी संध्याकाळी चेक परत आला. कारण: सही जुळत नाही. वर बँकेनं परतीचा दंड कापला तो वेगळाच. त्याचा फोन बंद. १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन केला, सायबर क्राइमच्या पोर्टलवर तक्रार टाकली, पोलीस ठाण्यात गेले. तोवर पैसे त्या खात्यातून पुढच्या खात्यात आणि तिथूनही पुढे गेले होते. पाठवल्यावर तासाभरात कळवलं असतं तर काही थांबवता आले असते, असं तिथल्या हवालदारांनी सांगितलं. मी दोन दिवस फिटर पोहोचल्याच्या फोनची वाट बघत होते. चेक बाऊन्सची केस टाकावी म्हणून वकिलांकडे गेले, तर चेकबुक कुण्या तिसऱ्याच माणसाचं, चोरीला गेलेलं निघालं.

घरून वॉलपेपर, पडदे, फ्रेम असं काही विकत असाल तर चेक वटला का हे अॅपवर नाही, शाखेत विचारा. जास्तीचे पैसे आलेच तर बँकेला कळवा. गिऱ्हाईक सांगेल त्या तिसऱ्या खात्यात एक रुपयाही टाकू नका. मी आता दीडशे रुपये घेऊन नमुना पाठवते आणि भिंतीचा फोटो मागते, दार-खिडकीसकट.

पळसाचे ते रोल दिवाणाखाली आहेत. एका पट्ट्यानं कपाटाचे कप्पे मढवले. गेल्या आठवड्यात मनीषनगरच्या एका काकू पाऊण तास भाव करत होत्या, नमुना दोनदा परत पाठवला आणि कूलरचं तर तीनदा विचारलं. त्यांना मी फुटामागे दहा रुपये कमी केले.