परमवीर चक्र की अशोक चक्र?
फरक शौर्याच्या मापाचा नाही, समोर कोण होतं याचा आहे. शत्रूसमोरच्या पराक्रमाला परमवीर चक्र. घोषित युद्ध लागतंच असं नाही, बाना सिंग यांना ते १९८७ मधल्या सियाचीनच्या पराक्रमासाठी मिळालं. अन्य शौर्याला अशोक चक्र, तेही नागरिक-पोलिसांसकट; म्हणून तुकाराम ओंबळे यांना मरणोत्तर अशोक चक्र.

ओळखताना फितीवर नजर ठेवा. परमवीरची सलग जांभळी, अशोक चक्राची हिरवी, मधोमध केशरी रेघ. परमवीर कांस्याचं, ३५ मिलिमीटर व्यासाचं, त्यावर इंद्राची चार वज्रं. रचना सावित्रीबाई खानोलकरांची: जन्माने युरोपीय, सासर मराठी! अशोक चक्राला सोन्याचा मुलामा, म्हणून ते वरचं वाटतं. मानक्रमात मात्र परमवीर आधी.