पिंपल की ब्रुनेल? ब्रिटिश मूकपटातली दोन विडंबनं

'पिंपल' म्हणजे फ्रेड एव्हान्स, म्युझिक हॉलच्या, म्हणजे गाणी-नकलांच्या ब्रिटिश रंगमंचाच्या, मुशीतला विनोदवीर. १९१३ साली 'द बॅटल ऑफ वॉटर्लू' हा भव्य युद्धपट आला आणि त्याच वर्षी पिंपलने त्याची फिरकी घेतली. खऱ्या घोडदळाच्या जागी पँटोमाइम या ब्रिटिश विनोदी नाट्यप्रकारातले घोडे: एकाच सोंगात दोन माणसं, एक पुढच्या पायांत, दुसरा मागच्या! रंगमंचाची तुटपुंजी सामग्री अशी उघड मिरवायला धाडस लागतं.

दिग्दर्शक एड्रियन ब्रुनेलची विनोदाची जागा संकलनात. १९२४च्या 'क्रॉसिंग द ग्रेट सग्राडा'त तो प्रवासपटांची टर उडवतो. जुनी दृश्यं जोडतो आणि दृश्यांमधल्या मजकुराच्या पाट्यांतून भलताच अर्थ लावतो. डोकं भन्नाट, पण पाटी वाचल्याशिवाय गंमत कळत नाही. पिंपल नुसता दिसला तरी हसू फुटतं. माझी पसंती त्यालाच.